पंच क्रमांक दोन

लग्न होऊन मी सायखेड्याहून नाशिकच्या कडेच्या मळ्यात आले, तेव्हा सासरच्या बायकांमध्ये दहावी झालेली मी एकटीच होते. त्याचा उपयोग फारसा कुणाला नव्हता. मेथीच्या जुड्या बांधायला दहावी लागत नाही. दर बुधवारी सासूबाई आणि मी गंगेवरच्या बाजारात भाजी घेऊन बसायचो. गोदावरीला आम्ही गंगाच म्हणतो. सासूबाई भाव सांगायच्या, मी पिशव्या भरायची, आणि मधल्या वेळात भाजी बांधायला आणलेल्या रद्दीतला कागद वाचत बसायची. सासूबाईंना ते आवडायचं नाही, पण चारचौघांत मात्र त्या सांगायच्या की आमच्या सुनेला सगळं वाचता येतं.

त्याच अभिमानापायी मी पहिल्यांदा पोलीस चौकीत गेले.

नव्वदच्या दशकातली, पावसाळ्यातली गोष्ट. माझी मुलगी दीड वर्षांची होती. दुपारी पलीकडच्या ओळीत एकदम गलका झाला. शहरातल्या एका बाईंची सोन्याची पोत गर्दीत कुणीतरी तोडली होती, आणि लोकांनी शेजारी उभ्या असलेल्या एका बाईला धरलं होतं. ती पेठकडच्या डोंगरातली होती. रानातली करटुली टोपलीभर घेऊन विकायला आली होती. तिला चौकीत नेलं. थोड्या वेळाने एक महिला पोलीस आमच्या ओळीतून विचारत आली, की बाईची झडती घ्यायची आहे, पंच म्हणून लिहिता-वाचता येणारी बाई हवी आहे. सासूबाईंनी क्षणाचाही विचार न करता माझ्याकडे बोट दाखवलं.

पंच म्हणजे काय, हे मला चौकीत गेल्यावर कळलं. पोलीस झडती घेतात, एखादी वस्तू जप्त करतात, तेव्हा त्या प्रकरणाशी संबंध नसलेली दोन माणसं ते बघायला असावी लागतात. जे घडलं ते लिहून काढतात, त्याला पंचनामा म्हणतात, आणि खाली त्या दोघांच्या सह्या. पंच क्रमांक एक म्हणून बांगड्या विकणारी एक बाई आधीच बसलेली होती. मी पंच क्रमांक दोन.

झडती आतल्या खोलीत झाली. दार लावून घेतलं होतं, आणि ती महिला पोलीस तोंडाने जरा कडक असली तरी हाताने सांभाळून वागत होती. तिने त्या बाईचं लुगडं झटकायला लावलं, अंबाडा सोडायला लावला. काही निघालं नाही. त्या बाईला परत केस बांधता येईनात, म्हणून मी पुढे होऊन तिचे केस बांधून दिले. मग आम्ही बाहेर आलो. बाहेर टेबलावर एक कापडी पिशवी ठेवलेली होती. लिहायला बसलेले हवालदार म्हणाले की ही पिशवी हिच्याजवळ पडली होती, लोकांनी आणून दिली. पिशवीत रुमालात गुंडाळलेली पोत निघाली. पोतवाल्या बाईंनी ती ओळखली आणि त्या रडायलाच लागल्या.

करटुलीवाली एवढंच म्हणाली, "पिशवी माझी नाय. माझी टोपली हाय."

हवालदार भराभर लिहीत होते. तेवढ्यात सासूबाईंचा निरोप आला की पोरगी भुकेने आकांत करते आहे. कागद माझ्यापुढे आला, त्यांनी बोट ठेवलं तिथे मी सही केली आणि पळाले. दहावी पास बाईने तो कागद एकदाही वाचला नाही. त्या दिवशी संध्याकाळी मी घरी सगळ्यांना रंगवून सांगितलं की चोर कसा पकडला. पुढे काही महिने आमच्या गल्लीत मला मान होता.

समन्स आलं तेव्हा मुलगी पहिलीत जात होती. आम्ही कोथिंबीर उपटत होतो आणि एक पोलीस मोटरसायकल बांधाला लावून माझं नाव विचारत आला. सासऱ्यांनी हातातली जुडी खाली टाकली. त्यांच्या सगळ्या आयुष्यात घरी पोलीस आलेला नव्हता. मला कोर्टात साक्षीला बोलावलं आहे, एवढं कळल्यावरही ते दोन दिवस माझ्याशी नीट बोलले नाहीत. नवऱ्याने मात्र कागद पुन्हा पुन्हा वाचला आणि म्हणाला की यात तुला आरोपी कुठे म्हटलं आहे, साक्षीदारच म्हटलं आहे.

पहिल्या तारखेला तो माझ्याबरोबर आला. साहेब, म्हणजे न्यायाधीश, रजेवर होते. दुसऱ्या तारखेला मी एकटी सिटी बसने गेले, तर आरोपीचे वकील नव्हते. तिसऱ्या तारखेला आमच्या केसचा पुकारा होईपर्यंत कोर्टाची वेळ संपली. पहिल्यांदा मला राग आला होता. दुसऱ्यांदा मी डबा घेऊन गेले. तिसऱ्यांदा मात्र मी साहेबांची परवानगी घेऊन मागच्या बाकावर बसून दुसऱ्यांच्या केसेस ऐकत राहिले, आणि खरं सांगते, मला तिथे बरं वाटायला लागलं. मला वाटायचं कोर्टात टेबलावर मुठी आपटतात. तिथे सगळे हळू बोलत होते. कुणाची सायकल, कुणाच्या बांधावरची मारामारी, कुणाचा अपघात. साहेब प्रत्येकाचं ऐकून टायपिस्टला सांगायचे आणि यंत्र खडखडत राहायचं. कुणी भडाभडा बोलायला लागलं की ते म्हणायचे, सावकाश, हे लिहून घ्यायचं आहे.

त्याच तारखेला व्हरांड्यात करटुलीवाली भेटली. मी तिला ओळखलं नाही, तिने मला ओळखलं. ती प्रत्येक तारखेला पेठहून पहिल्या एसटीने यायची. अटक झाली तेव्हा जामीन राहायला कुणी नव्हतं, म्हणून ती कित्येक आठवडे जेलमध्ये होती. मग कोर्टानेच तिला फुकट वकील दिला आणि ती सुटली. हे तिने अगदी सहज सांगितलं, पाऊसपाण्याचं सांगावं तसं. पोतवाल्या बाईंना त्यांची पोत कोर्टाने केव्हाच परत दिली होती, त्या या तारखांना येतही नव्हत्या. आपण तिच्याशी बोलावं की नाही हे मला कळेना. पण ती केसबद्दल काहीच बोलली नाही. एवढंच म्हणाली, "तू माझं केस बांधून दिलंस त्या दिशी."

मी घरी आले आणि त्या रात्री जेवण गेलं नाही. तिचे केस मला आठवत होते. तिची टोपली आठवत होती. पण कागदात काय लिहिलं आहे ते मला माहीतच नव्हतं.

चौथ्या तारखेला सरकारी वकिलांनी मला बोलावून पंचनामा हातात दिला आणि शांतपणे वाचायला सांगितलं. सहा वर्षांनी मी तो पहिल्यांदा वाचला. अक्षर सुरेख होतं. त्यात लिहिलं होतं की आम्हा पंचांच्या समक्ष आरोपीच्या खांद्यावर अडकवलेल्या पिशवीतून पोत काढण्यात आली. खाली माझी सही, शाळेत गिरवलेली असावी तशी गोल गोल.

मी त्यांना म्हणाले की असं झालं नव्हतं. पिशवी तिच्या खांद्यावर नव्हती, ती आधीच टेबलावर होती. झडतीत काही निघालं नव्हतं. मला वाटलं ते आता रागावतील. ते वयस्कर गृहस्थ होते, दिवसभर उभं राहून थकलेले. त्यांनी चष्मा काढून पुसला.

"ताई, काय सांगायचं ते मी तुम्हाला सांगणार नाही. पाहिलं असेल तेच सांगा," ते म्हणाले. "पण तुम्ही कागदाच्या उलट बोललात की मला तुम्हाला फितूर म्हणून प्रश्न विचारावे लागतील. ते माझं काम आहे. मनाला लावून घेऊ नका."

पंच क्रमांक एक, ती बांगडीवाली, गाव सोडून गेली होती, तिचा पत्ता लागला नव्हता. म्हणजे जे काय होतं ते माझ्यावरच होतं.

मी पिंजऱ्यात उभी राहिले. देवाची शपथ घेतली. सरकारी वकिलांनी विचारलं, मी पाहिलं होतं ते सांगितलं. मग त्यांनी साहेबांची परवानगी घेतली आणि त्यांचा आवाज बदलला. आरोपीच्या दबावाखाली खोटं बोलताय का, तिच्याशी व्हरांड्यात बोलला होता हे खरं का, सही तुमचीच आहे ना, मग मजकूर खोटा कसा. एकेक प्रश्न पाठीत बसत होता, पण त्यांनी आधी सांगून ठेवलं होतं म्हणून मी सावरून उभी राहिले. बोलले होते, असं म्हटलं. काय बोलले होते तेही सांगितलं. केस बांधल्याचं ऐकून साहेबांनी पहिल्यांदा मान वर करून माझ्याकडे पाहिलं.

त्यांनी स्वतः विचारलं, "तुम्हाला वाचता येतं. मग न वाचता सही का केली?"

"मुलगी रडत होती साहेब. पण ते कारण नाही. चूक माझी आहे."

त्यांनी हे तसंच्या तसं टायपिस्टला सांगितलं. मला वाटलं होतं की आता मलाच आत टाकतात. तसं काही झालं नाही. आरोपीच्या वकिलांनी एवढंच विचारलं की तिच्याजवळ त्या दिवशी दुसरं काय होतं. मी म्हणाले, बांबूची टोपली. साहेबांनी सांगितलं, "आरोपीकडे बांबूची टोपली होती," आणि यंत्रावर ती टोपली कायमची उमटली.

शेवटी टाइप केलेली माझी साक्ष सहीसाठी आली. शिपायाने सवयीने बोट ठेवलं. मी म्हणाले, मला वाचायची आहे. पुढच्या केसचे वकील उभे राहिले होते, त्यांनी घड्याळ बघितलं. साहेब म्हणाले, वाचू द्या. पुरी दीड पानं मी उभ्याने वाचली, सगळं कोर्ट थांबलेलं. एका ठिकाणी 'झडतीनंतर पिशवी आणली' असं पडलं होतं. पिशवी कधी आणली ते मी पाहिलं नव्हतं. आम्ही बाहेर आलो तेव्हा ती टेबलावर होती, एवढंच मला माहीत होतं. मी ते सांगितलं. साहेबांनी ती ओळ दुरुस्त करून घेतली आणि बाजूला स्वतःची सही केली. मग मी माझी केली. इतकी सावकाश सही मी लग्नाच्या नोंदणीतही केली नव्हती.

बाहेर येऊन मी आधी रसवंतीवर उसाचा रस प्यायले. भूक परत आली होती.

निकाल मला कोर्टाने कळवला नाही, साक्षीदाराला कळवायची पद्धत नसावी. तो सांगितला बाजारात त्या महिला पोलिसाने. एका बुधवारी ती साध्या साडीत भाजी घ्यायला आली आणि पालक निवडता निवडता म्हणाली की तुमची ती पेठवाली सुटली. आता ही मला बोलणार असं वाटलं. ती म्हणाली की वरिष्ठांकडून ऐकून घ्यावं लागलं. मग म्हणाली, "पण पिशवी कोणी आणली ते मीही बघितलं नव्हतं. हवालदारांना वाटलं, गर्दी म्हणते तर तिचीच असेल. तेवढं वाक्य लिहिलं की काम संपत होतं." त्या हवालदारांना मी पुढे दोनदा बाजारात पाहिलं. दुष्ट माणूस नव्हता तो. त्याला घाई होती, मलाही होती, आणि आम्हा दोघांच्या घाईत एक बाई सहा वर्षं एसटीने ये-जा करत राहिली. पोत खरंच कोणी तोडली ते कुणालाच कळलं नाही.

त्या महिला पोलिसाशी माझी हळूहळू ओळख वाढली. दोन हजार साल उलटून गेल्यावर तिच्याच सांगण्यावरून मला पोलीस ठाण्याच्या महिला दक्षता समितीत घेतलं. नाव मोठं आहे, काम साधं. घरगुती भांडणं घेऊन बायका येतात, त्यांच्याजवळ बसायचं, त्या काय सांगतात ते पोलिसांना नीट ऐकू येईल असं बघायचं. तिथे मी शिकले की तक्रार लिहून घेतल्यावर ती वाचून दाखवायची असते, तिची प्रत फुकट द्यायची असते, आणि झडतीला किंवा अटकेला गेलेल्या बाईजवळ बाई असावी लागते. हे नियम पोलिसांना माहीत असतात. समोरच्या माणसालाही माहीत आहेत असं दिसलं, की ते जास्त नीट पाळले जातात. ओरडावं लागत नाही. आमच्या वस्तीतली माणसं पोलीस ठाण्यात जायच्या आधी मळ्यावर येऊन मला विचारायला लागली, तेव्हा सासरे, जे एका समन्सवर दोन दिवस रुसले होते, आलेल्याला खुर्ची आणून द्यायचे.

एकदा आमच्या गल्लीतला एक रिक्षावाला फार तापून आला. त्याला कुणीतरी मारलं होतं आणि पोलीस काही करणारच नाहीत हे त्याने आधीच ठरवलं होतं. मी त्याच्याबरोबर गेले. ठाणे अंमलदार नवा मुलगा होता. त्याने सगळं विचारून लिहिलं. मी म्हणाले, वाचून दाखवा. त्याने वाचलं. रिक्षावाला मध्येच म्हणाला की दोघांनी नाही, एकानेच मारलं, दुसरा नुसता उभा होता. म्हणजे पहिल्यांदा रागात त्याने दोघं सांगितले होते. अंमलदाराने न चिडता ते वाक्य बदललं. रिक्षावाल्याने सही केली, प्रतीची घडी घालून खिशात ठेवली. येताना रिक्षात तो म्हणाला, "त्या दुसऱ्याचं नाव घातलं असतं तर लय वाईट झालं असतं, काकी."

मी हो म्हणाले. त्याने मला मळ्याच्या बांधापर्यंत सोडलं. ऊन उतरायला लागलं होतं आणि वीज आलेली होती, म्हणून मी आधी मोटर चालू करून पालकाला पाणी सोडलं आणि मग हातपाय धुतले.