तापीतली बुडी

भाचीचं पत्र आलं आणि मी ठाण्याहून जळगावला निघाले. रिबका चोपड्याच्या दवाखान्यात नर्स. लग्न ठाण्याला ठरलेलं, पण रजा मिळाली ती लग्नाला अगदी खेटून. आम्हा बेने इस्राएल ज्यू लोकांत नवरीनं लग्नाआधी मिकवा करायचा असतो, म्हणजे वाहत्या किंवा झऱ्याच्या पाण्यात पूर्ण बुडी घ्यायची. मुंबईत त्यासाठी कुंड आहे, पण तिथं जाण्याइतका वेळ उरणार नव्हता. नदीही चालते. मात्र केसाचं टोकही वर राहिलं नाही, हे बघायला आपल्यातली एक बाई काठावर लागते. ती बाई मी.

रात्रीच्या गाडीनं सकाळी जळगाव. स्टँडवर चोपड्याची एसटी लगेच मिळते. कुठलीही खिडकी धरा, दोन्ही बाजूंना केळीच्या बागा आणि पुढे निळसर सातपुडा. थंडीतच जा. तेव्हा नदी निवळलेली असते आणि वांगी भरताची असतात. रिबकेच्या घरमालकीणबाईंनी, अक्कांनी, उतरल्या उतरल्या भरीत आणि कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाची, भाकरी पुढे ठेवली. खाण्यापिण्याचे नियम पाळणाऱ्यांनो, खानदेशात काळजी नको. भरीत सगळ्या नियमांत बसतं.

दुसरा घास तोंडात घेताना माझं लक्ष रिबकेच्या हातांकडे गेलं. मनगटापासून जवळजवळ कोपरापर्यंत हिरव्या बांगड्या, चापून बसवलेल्या.

"लगीननी पोर नि हात उघडा?" अक्का कौतुकानं म्हणाल्या. "कासारले घरीच बलाई लिधं!"

माझा घास तिथंच थांबला. बुडीच्या वेळी अंगावर काही म्हणजे काही नको. अंगठी नको, नखांना रंग नको. इतक्या घट्ट बांगड्यांखाली पाणी पोचणार नाही, आणि पोचलं नाही तर बुडी झालीच नाही. मी हे सांगितलं. अक्कांचा चेहरा उतरला.

"ताई, फोडानं नाव नका काढा!"

रिबका हळूच म्हणाली, "मावशी, यांनी मला पोटच्या पोरीसारखं सांभाळलंय. यांना दुखवून मी पाण्यात उतरणार नाही." पण बुडी न घेता लग्नाला उभं राहणंही तिला नको होतं.

दुपारी तरीही आम्ही अक्कांच्या ट्रॅक्टरच्या ट्रॉलीतून तापीवर गेलो. नवरीला दिवसाची बुडी चालते. शेजारच्या चारजणी हसत-खिदळत बरोबर आल्या, आडोसा धरायला जुनी लुगडी घेऊन. काठावर अक्कांनी विचारलं, "हाई इतलं कोरं अंग कसाले?"

मी म्हटलं, "जन्मली तशी पाण्यात जायचं आणि नवी होऊन बाहेर यायचं."

अक्कांनी साबणाची वडी मागितली. "जलमनी तवय हातमा काय व्हतं? काहीच नही. आन हात. पन एक बी भुईवर ठेवानी नही."

रिबकेचा हात मांडीवर घेऊन त्यांनी फेस केला. एकेक बांगडी अंगठ्याच्या हाडावरून सरकवत काढली आणि स्वतःच्या हातात चढवली. रिबकेचे डोळे पाणावले होते, काही दुखण्यानं, काही आणखी कशानं. एकही फुटली नाही.

लुगड्यांच्या भिंतीआड रिबका गळ्याइतक्या पाण्यात उभी राहिली. पहिली बुडी. केसांची बट वर तरंगली. "पुन्हा!" मी ओरडले. दुसऱ्या बुडीला तापीनं तिला अख्खी झाकली. पाण्यावर काहीच नव्हतं, फक्त ऊन. "कशेर!" मी ओरडले, म्हणजे बुडी पूर्ण झाली. माझी स्वतःची बुडी फरशीच्या कुंडात, घाईघाईत झाली होती. तेव्हा मला फक्त थंडी वाजली होती. रिबकेनं दात वाजत असतानाच हिब्रू आशीर्वाद म्हटला आणि ती पुन्हा बुडली. आता त्या चौघीच माझ्याआधी ओरडल्या, "कशेर!"

अंग पुसून झाल्यावर बांगड्या परत हातात चढू लागल्या. शेवटची मात्र अक्कांच्या हातून निघेना. नांगर-कोळप्यानं जाड झालेल्या पेरांवरून ती चढली कशी, देव जाणे.

"आते अक्काले बी बुडी मारनी पडी!" एकजण म्हणाली आणि सगळ्या हसून लोळल्या.

"राहू द्या," अक्का म्हणाल्या. "मन्हा हातले आवडनी ती."

संध्याकाळी एसटी, मग गाडी; उशाला केळ्यांचा अख्खा घड. ठाण्याला पोचल्यावर बहिणीनं लेकीचे हात हातात घेतले, उलटेसुलटे केले.

"अगं, डाव्या हातात एक कमी कशी?"

"आहे की," रिबका म्हणाली. "चोपड्याला आहे."

बहिणीला काही कळलं नाही. मी बॅग उघडली, तापीच्या ओल्या वासाचा टॉवेल काढला आणि दोरीवर टाकायचा सोडून तसाच हातात धरून बसले.