साहेबांना लग्नाला जायचंय

मेंढ्या राखणाऱ्या घरातली मायाक्का कोळेकर आधी रेल्वेकडून हॉकी खेळली, मग पंच म्हणून अकरा देशांत शिट्टी वाजवून आली. सोलापुरात मुलींच्या जिल्हा अंतिम सामन्याला दोन मिनिटं उरली असताना प्रमुख पाहुणे करंडक घेऊन मैदानातच घुसले.

"मॅडम, साहेबांना लग्नाला जायचंय. पुढं हायत त्यांनाच देऊन टाकू की!" संयोजक म्हणाले.

मायाक्काला शिसारी आली. तिने पाहुण्यांना हिरवं कार्ड दाखवलं, म्हणजे दोन मिनिटं बाहेर. त्यांनी ते निमंत्रण समजून खिशात घातलं, करंडक दिला, फोटो काढले आणि गेले.

तिने उरलेला खेळ पुरा केला. त्यात मागे पडलेल्या बार्शीच्या पोरी दोन गोल मारून जिंकल्या. तिने करंडक परत मागितला.

"आता कसा, मॅडम? फोटो छापायला गेला की!"