फोटू-लाच्या खिंडीत मी मागे राहिले तेव्हा

या ग्रुपवर मी वर्षभर नुसती वाचते आहे. लिहायचं कधी मनात नव्हतं, कारण असल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही… आणि हे लिहून झाल्यावरही बसेल असं वाटत नाही. मी नर्स होते. सगळं आयुष्य वॉर्डात गेलं. प्रत्येक वॉर्डात एखादी कॉट असते, जिच्याबद्दल आयाबाया कुजबुजतात. तसल्या कॉटवरची चादर बदलून दुपारी तिच्यावरच आडवी झालेली बाई आहे मी. काही झालं नाही. पाठ तेवढी धरली.

तरी हे एक सांगायचं राहिलंय.

साल १९८६. आम्ही नाहूरला राहायचो, स्टेशनपासून सात-आठ मिनिटांवर, दोन खोल्यांत. मी, हे, आमची मुलगी आणि आत्याबाई – म्हणजे माझ्या सासूबाई. आमच्या साताऱ्याकडे सासूला आत्याबाईच म्हणतात. त्यांचं उजवं अंग लुळं पडलं होतं. चार वर्षं अंथरुणावर होत्या. हॉस्पिटलात दुसऱ्यांची अंगं पुसायची आणि घरी येऊन त्यांचं. तक्रार नाही सांगत. मी दमले होते, एवढंच. एकदा दूध उतू चाललं होतं आणि मी समोर उभी राहून बघत होते… हात काही गॅसपर्यंत गेला नाही. असं दमणं.

त्या जानेवारीत आत्याबाई गेल्या. माणसं भेटायला आली, म्हणाली, "सुटल्या बिचाऱ्या." मग माझ्याकडे बघून हळूच, "तूही सुटलीस गं." आता झोपायला भरपूर वेळ होता, तर झोपच येईना. डोळे मिटायचे, पण आत कुणीतरी ड्यूटीवर असल्यासारखं जागं.

ह्यांची एलटीसी, म्हणजे ऑफिसकडून मिळणारा प्रवासखर्च, त्या वर्षी लॅप्स होणार होती. घाटकोपरचे सावंतकाका दरवर्षी वीस-बावीस माणसं घेऊन कुठे ना कुठे जायचे. त्या वर्षी काश्मीर आणि पुढे दोन दिवस बसने लडाख. हे खूश. "तिथले मठ, गोंपा बघू, बुद्धाची मोठी मूर्ती बघू, चल."

मी म्हटलं, "तुम्ही जा. मी घरी झोपते."

"झोप काय, बसमध्ये पण लागते. चल ना यार, सुनंदा." हे 'यार' म्हणाले की मला नाही म्हणता यायचं नाही. मुलीला बहिणीकडे ठेवलं आणि निघालो.

श्रीनगरहून बस निघाली तेव्हा आम्ही सावंतकाका धरून बावीसजण होतो. सोबत नोरबू नावाचा गाईड. चाळिशीचा, लेहचाच माणूस, कमी बोलणारा. त्याची मोजायची एक पद्धत होती – प्रत्येक थांब्यानंतर मागच्या सीटपासून सुरुवात करायचा, एकेकाच्या खांद्याला बोट लावत पुढे यायचा आणि ड्रायव्हरजवळ पोचला की मोठ्याने म्हणायचा, "बाईस." मगच बस हलायची. खांद्याला बोट लावायचा, हे लक्षात ठेवा.

कारगिलला मुक्काम झाला. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला निघालो. मुलबेखला रस्त्याच्या कडेलाच उभ्या खडकात कोरलेली मैत्रेयाची मूर्ती आहे, तिथे ह्यांनी बराच वेळ हात जोडले. मीही जोडले. काही मागितलं नाही, सुचलंच नाही. पुढे चढ सुरू झाला. झाड म्हणून नाही. पिवळे, तांबडे, राखाडी डोंगर, एकावर एक, आणि वर इतकं निळं आभाळ की डोळ्यांना बोचायचं. माझं डोकं ठणकत होतं. आमच्या मागच्या सीटवर मुलुंडच्या पाटकरबाई होत्या, त्या सगळ्यांना लिमलेटच्या गोळ्या वाटत होत्या.

अकराला दहा मिनिटं होती तेव्हा बस फोटू-लाच्या माथ्यावर थांबली. तिकडे 'ला' म्हणजे खिंड. तेरा हजार फुटांच्या वर. या रस्त्यावरची ही सगळ्यात उंच जागा. पताका फडफडत होत्या, वारा तर असा की समोरच्याचं बोलणं उडून जावं.

"वीस मिन्टा हां! धावू नको कोण, दम लागतलो!" सावंतकाका ओरडले.

हे कॅमेरा घेऊन वरच्या बाजूला गेले. मी बायकांना जावं लागतं तशी आडोसा शोधत रस्त्यापासून थोडी खाली उतरले. मंत्र कोरलेले चपटे दगड रचून तिथे एक भिंत केलेली होती, छातीइतकी उंच. तिच्या पलीकडे आले आणि वारा एकदम बंद. ऊन मात्र होतं, चांगलं उबदार. पाच मिनिटं बसू म्हणून दगडांना पाठ टेकली. हिरवी शाल डोक्यावरून घेतली.

डोळे उघडले तेव्हा काहीच आवाज नव्हता. घड्याळात अकरा चाळीस. धडपडत वर आले. रस्ता रिकामा. बस नाही, माणूस नाही, फक्त पताका.

खरं सांगू? पहिल्यांदा भीती नाही वाटली. बरं वाटलं. कुणी हाक मारणार नाही, कुणाला काही द्यायचं नाही… मग ढग उन्हावर आला, अंगात थंडी शिरली आणि तिच्यामागून भीती. मी रडले नाही. रस्त्याच्या मधोमध उभी राहिले. दहा मिनिटांनी कारगिलच्या बाजूने मिलिटरीचा ट्रक आला. ड्रायव्हर खाली उतरून बघतच राहिला. "मॅडम, इधर अकेली?" मी सांगितलं, बस सोडून गेली. त्याने पाण्याची बाटली दिली, पुढे बसवलं आणि म्हणाला, "लामायुरू में चाय के लिए रुकेगी. पकड लेंगे."

उतरताना मला राग येत होता. आता भीती संपली होती ना. नोरबूचा राग नाही – ह्यांचा. बाजूची सीट रिकामी आहे हे नवऱ्याला कळत नाही? वळणावर वळण जात होतं आणि मी मनात भांडण तयार करत होते.

लामायुरूला रस्त्याच्या कडेला चहाचं दुकान, वर कड्यावर गोंपा. आमची माणसं चहा घेत होती. सावंतकाकांनी मला ट्रकमधून उतरताना पाहिलं आणि त्यांच्या हातातला ग्लास वाकडा झाला, चहा बुटावर सांडला.

"अगो… तू खंय होतंस गो?"

"फोटू-लाला. सोडून आलात मला."

हे दुकानाच्या पायरीवरून उठले. त्यांचा चेहरा मी कधी विसरणार नाही. रंग उडतो म्हणतात तो मी पेशंटच्या नातेवाईकांचा पुष्कळदा बघितला आहे. तसाच.

"सुनंदा, तू बसमध्ये झोपली आहेस," हे म्हणाले.

"मी?"

"आत्ता चहा नेऊन दिला तुला खिडकीतून. नको म्हणालीस."

आम्ही सगळेच बसकडे गेलो. धावलो म्हटलं तरी चालेल, त्या उंचीवर जेवढं धावता येतं तेवढं. आमची सीट रिकामी होती. माझी पिशवी जागेवर. बाकी काही नाही. नोरबूने सीटखाली वाकून पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. हळूच पुढे येऊन त्याने माझ्या खांद्याला बोट लावलं. तो म्हणाला, "दीदी, मैंने गिना था. बाईस थे. आपको हाथ लगाया था. हरी शाल."

पाटकरबाई मध्येच पुढे आल्या. "अहो, मी हिला गोळी दिली ना! सीटच्या फटीतून हात मागे केला हिने आणि घेतली. थंडगार हात. मी म्हटलंसुद्धा, अगं मोजे घाल."

ती गोळी, तिचा कागद, काही सापडलं नाही. सावंतकाकांनी सगळ्यांना गप्प केलं, मला पुढच्या सीटवर बसवलं आणि बस लेहकडे निघाली. मी जे भांडण तयार केलं होतं ते कुठे गेलं कोण जाणे. हे माझा हात घट्ट धरून होते. मला वाटलं घाबरलेत. पण ते घाबरलेले नव्हते. मधूनच माझ्याकडे असे बघायचे, जसं काही विचारायचंय आणि विचारता येत नाही.

लेहमध्ये तीन दिवस होतो. गोंपा बघितले. एका गोंपात नोरबूने तिथल्या म्हाताऱ्या लामाला हे सगळं सांगितलं. लामाने मला नीट न्याहाळलं आणि नोरबूला काहीतरी म्हणाला. मी अर्थ विचारला. नोरबू म्हणाला, "बोले, बहन को खाना खिलाओ, आराम कराओ." एवढंच. मला मंत्रबिंत्र, ताईत काहीतरी अपेक्षित होतं.

परतीचा रस्ता तोच. फोटू-लावर बस पुन्हा थांबली. सगळे उतरले. मी नाही उतरले. हेही बसून राहिले. रिकाम्या बसमध्ये आम्ही दोघंच, आणि वाऱ्याने सगळी बस हलत होती.

हे समोर बघत म्हणाले, "ती बोलली होती माझ्याशी."

"कोण?"

"ती. उतरताना. पहिली दोन-तीन वळणं झाली तेव्हा. खिडकीकडे तोंड होतं. आवाज तुझाच… दमलेला. मला म्हणाली, 'त्या दिवशी आत्याबाईंनी दोनदा हाक मारली. मी जागी होते. उठले नाही.'"

हे मी कुणालाही सांगितलेलं नव्हतं. आईला नाही, बहिणीला नाही. जानेवारीतली ती दुपार. मी ड्यूटी करून आले होते, त्यांना भरवलं, बाहेरच्या खोलीत चटईवर पडले. त्यांनी हाक मारली, "सुनंदा." मी ऐकलं. मनात म्हटलं, पाच मिनिटं. पुन्हा मारली. मी डोळे मिटून घेतले. चार वाजता जाग आली तेव्हा सगळं संपलेलं होतं. सगळ्यांना मी सांगितलं होतं, झोपेतच गेल्या. मुलगी शाळेत, हे ऑफिसात. घरात तिसरं माणूस नव्हतं.

मी कसंबसं विचारलं, "मी झोपेत बडबडले असेन कधी. तेव्हा ऐकलंत?"

"नाही. आठ महिन्यांत तू झोपलीस तरी कधी?"

मी विचारलं, "तिला काय म्हणालात तुम्ही?"

बाहेर सावंतकाका फोटोसाठी सगळ्यांना एका रांगेत उभं करत होते.

"मी तिला म्हटलं, सुनंदा, तू चार वर्षं उठलीस. एकदा नाही उठलीस. आणि म्हटलं… मी तर ऑफिस सुटल्यावर नाहूरला उतरून तासतासभर पुलावर उभा राहायचो. घरी यायला नको वाटायचं म्हणून. आई वाट बघत असायची. तू पण. तुला ओव्हरटाइम सांगायचो."

"हे तिला सांगितलंत?"

"मला वाटलं तूच आहेस."

"मला कधी नाही सांगितलंत ते."

"तू तरी कुठे सांगितलंस गं?"

मला काय वाटलं ते लिहिणं कठीण आहे. हसू नका, पण मला त्या बाईचा हेवा वाटला. जी कोण होती तिचा. ते तिच्याशी असं बोलले होते आणि मी तिथे नव्हते.

मी म्हटलं, "पुन्हा सांगा. मला."

त्यांनी सांगितलं. तेच शब्द, पहिल्यापासून. मी त्यांच्या खांद्यावर डोकं ठेवून रडले. माणसं बसमध्ये चढायला लागली तरी रडत होते. नोरबू मोजत आला, आमच्याजवळ थांबला, आणि त्या दिवशी त्याने सगळ्यांना दोनदा मोजलं.

त्यानंतर आम्ही घरी आत्याबाईंबद्दल मोकळेपणी बोलायला लागलो. त्यांच्या चिडण्याबद्दल, त्यांच्या हातच्या हुलग्याच्या माडग्याबद्दल, आम्हाला त्यांचा किती राग यायचा त्याबद्दलसुद्धा. बसमधल्या त्या बाईबद्दल मात्र हे पुन्हा कधी बोलले नाहीत. मी दोन-तीनदा विषय काढला. "जाऊ दे ना," म्हणायचे. हे जाऊन आता पाच वर्षं झाली, म्हणून लिहिलं.

उंचीवर ऑक्सिजन कमी पडतो, भास होतात, हे मला कुणी शिकवू नका, ते मीच इतरांना शिकवलंय. एकाला भास होईल. ह्यांना झाला म्हणू. मग नोरबूने बोट कुणाच्या खांद्याला लावलं? पाटकरबाईंची गोळी कुणी घेतली? आणि त्या भासाला माझ्या घरातली दुपार कशी माहीत? मी खूप वर्षं डोकं चालवलं. उत्तर नाही. आता शोधायचा कंटाळाही आला आहे.

मला एवढंच सांगता येतं की बस ती वळणं उतरत होती तेव्हा मी वर, उन्हात, दगडांना टेकून गाढ झोपले होते. जानेवारीपासून पहिल्यांदाच.