मुग्धा इथे नाहीच!

माझ्या हातून झालेला घोळ सांगते, पण आधी कबूल करा, हसणार नाही म्हणून!

आमची मुग्धा माहितीपट करते. बोईसरच्या कारखान्यातली लॅबची नोकरी सोडून! तिचे बाबा म्हणाले, "हा पहिला सिनेमा कुठल्या महोत्सवात निवडला गेला नाही, तर गुपचूप नोकरी शोधायची." तेव्हापासून माझा जीव टांगणीला.

सिनेमा आमच्या माहीम गावच्या वाडीतल्या पानवेलींचा. आणि तिची रीत न्यारी! काही विचारायचं नाही, काही करायला लावायचं नाही, नुसतं बघत राहायचं. पहिल्या दिवशी मी आणि माझी धाकटी जाऊ इंदू ओटीवर विड्याच्या पानांच्या जुड्या बांधत होतो. मुग्धाने कॅमेरा लावला, तशी इंदू लागली त्यातच बघायला. मुग्धा म्हणाली, "मी इथे नाहीच असं समजा. बघायचं नाही, बोलायचं नाही."

आता सांगा, अळणी सोळा सोमवार केलेल्या बाईला हे कठीण का? देवापुढे हातावर पाणी घेऊन संकल्पच केला. काम पुरं होईपर्यंत लेक नाहीच!

दुपारी ताटं वाढली तीनच. बिचारीने आपलं आपण वाढून घेतलं. संध्याकाळी कॅमेरा पिशवीत गेला, तरी माझा नेम चालू.

"आई, टॉवेल कुठाय?"

मी तुळशीकडे बघून आरती म्हणायला लागले.

"वयनी, पोर इचारते हाय, ऐकू नाय येत?" इंदू ओरडली.

मी गप्प. नेम सांगितला तर फळ जातं ना! मुग्धाला वाटलं, आईसुद्धा नोकरीवरून रुसली. इंदूने तर घिवलीला दिलेल्या नणंदेला फोनच लावला.

तिसऱ्या दिवशी नणंद चार बायका घेऊन ओटीवर हजर!

"पोटच्या पोरीशी बोलणं टाकलंस? लाज नाय वाटत?"

"बरं केलं! पक्की नोकरी कोण सोडतं?" त्यातलीच एक म्हणाली.

झालं! दोन दिवस कॅमेऱ्यापुढे लाकडासारखी बसलेली इंदू उसळली. हातातली जुडी आपटून म्हणाली, "मला नर्स व्हायचं होतं. कोणी इचारलं? वीस वर्सं पानं बांधते हाय. ही पोर मनासारखं करते, तर करू द्या की तिला!"

आणि कॅमेरा चालूच!

शेवटी मुग्धाने तो बंद केला, डोळे पुसले. "माझं काम झालं. आई, आता तरी बोल गं."

मी देवापुढे साखर ठेवली, मागे वळले आणि म्हटलं, "कधी आलीस?"

सिनेमा निवडला गेला की हो! बाबांनी नोकरीचं नाव टाकलं. गावच्या शाळेत दाखवला, तेव्हा मी ठेवणीतली पैठणी नेसून पहिल्या रांगेत. इंदूच्या बोलण्यावर टाळ्या पडल्या. माझं मात्र एक कोपर दिसलं, तेही चहाचा कप देताना.

"मुग्धे, मी कुठाय गं?"

"अगं, सिनेमा काकीवर आहे! ती सारखी कॅमेऱ्यात बघायची, म्हणून तिला सांगितलं होतं. तू तर कॅमेऱ्यात येतच नव्हतीस!"

घ्या! तीन दिवस काळजावर दगड ठेवून लेक नाही असं समजले, आणि साऱ्या गावादेखत पडद्यावर नव्हते, ती मी!