नागोयातल्या टेबलावर हळदीची बोटं

नागोयाला उतरलो तेव्हा माझ्याजवळ दोन मौल्यवान गोष्टी होत्या. चिवड्याचा स्टीलचा डबा आणि बायकोचा हुकूम. डबा कस्टमच्या तरुणाने उघडला, वास घेतला आणि आत कुलदैवत असावं अशा अदबीने झाकण लावून परत दिला. हुकूम कोणी तपासला नाही. तो असा होता : "अहो, सईला विचारत बसू नका. घेऊनच या."

सई आमची मुलगी. इथल्या विद्यापीठात सिरॅमिकवर पीएच.डी. करते. हिवाळ्यात एका रविवारी फोनवर ती सहज बोलून गेली, की शुक्रवारपासून आपण कोणाशी बोललेलोच नाही. आवाज निघतोय का ते बघायला फोन लावलाय. ती हसली. आम्ही पुण्यात दोघंही हसलो नाही. डिग्री गेली उडत, पोरगी घरी आणायची, असं माझ्या बायकोने, नीलिमाने, त्याच दिवशी ठरवलं. तिच्या शाळेत परीक्षा होत्या, म्हणून मोहिमेवर मी. मी आजवर रिक्षावाल्याशीही वाद घातलेला नाही हे तिला ठाऊक आहे, पण रजा माझीच शिल्लक होती.

सईची खोली आमच्या स्वयंपाकघराएवढी. खिडकीतून शेजारच्या इमारतीचा जिना दिसतो, आणि त्या जिन्यावर माणूस काही दिसत नाही. पहिल्या दिवशी ती लॅबला गेल्यावर मी कोन्बिनीतून (कोपऱ्यावरचं सदा उघडं दुकान) ओनिगिरी आणली (समुद्रशेवाळात गुंडाळलेला भाताचा त्रिकोण). ती सोडवताना भात माझ्या हातात आला आणि शेवाळ प्लास्टिकातच राहिलं.

"बाबा, कसं उघडायचं त्याची चित्रं काढलीयेत त्यावर," संध्याकाळी सई म्हणाली.

"मला वाटलं ती शोभेची आहेत."

विषय काढायचे प्रयत्न मी प्रामाणिकपणे केले. ट्रेनमध्ये काढणार होतो, पण इथे ट्रेनमध्ये कोणी बोलत नाही, म्हणून सुटलो. जेवताना काढणार होतो, तर ती दमलेली दिसली. शनिवारी तीच म्हणाली, "उद्या माझं एका ठिकाणी टेबल आहे. येशील? पण बाबा, गप्प बसायचं."

ते ठिकाण म्हणजे त्यांच्या वॉर्डाचं सांस्कृतिक केंद्र. तळघरात एक छपाईयंत्र आहे, आणि कोणीही नागरिक जाऊन ते वापरू शकतो. शिकवायला हौशी मंडळी असतात. अधूनमधून वरच्या हॉलमध्ये टेबलं मांडून प्रत्येकाने आपापली दोजिन्शी (स्वतःच लिहायची, स्वतःच छापायची आणि स्वतःच विकायची पुस्तिका) ठेवायची. एका टेबलावर शहरातल्या मांजरांच्या झोपण्याच्या जागा होत्या, एकावर आजोबांच्या आजारपणातली चित्रकथा. आणि सईच्या टेबलावर? तिच्या भट्टीत फुटलेल्या नमुन्यांची चित्रं. नाजूक रेषांत काढलेले नुसते तडे.

"म्हणजे फसलेले प्रयोग?" मी विचारलं.

"हो. फसलेलेच जास्त छान दिसतात."

इतक्या वर्षांच्या फीचं हे फळ पाहून मी चिवड्याचा डबा मांडीवर घट्ट धरला. पण लोक थांबत होते. नमुन्याची प्रत दोन्ही हातांनी उचलून उभ्याउभ्या वाचत, वाकत आणि घेऊन जात. हाका मारायच्या नाहीत, आग्रह करायचा नाही. मी सवयीने एकाला "या, या, बघा" म्हणालो, तर सईने टेबलाखालून पाय दाबला.

शेजारच्या टेबलावर हायाशी-सान होत्या. सत्तरीच्या, ताठ, आखूड केसांच्या. फिरायला जाताना दिसलेले, बाल्कन्यांत वाळत घातलेले कपडे त्या चित्रांत काढतात. त्यांच्या पुस्तिकेचं कव्हर शुभ्र, मधोमध एकच मोजा. सकाळी शेजाऱ्यांना खाऊ द्यायची पद्धत आहे. त्यांनी आम्हाला कागदात गुंडाळलेल्या वड्या दिल्या. आता आपण कमी कसे पडायचे? मी डबा उघडला. त्यांनी रुमाली कागदावर चार दाणे घेतले. मी मूठभर घेतला, भारतीय पद्धतीने, आणि कौतुक करावं म्हणून त्यांच्या पुस्तिका एकेक करून चाळल्या. मग गठ्ठा नीट लावून ठेवला.

सई पांढरीफटक पडली तेव्हा मी खाली पाहिलं. प्रत्येक मोज्याशेजारी माझी पिवळीधमक बोटं उमटली होती. नीलिमा चिवड्यात हळद सढळ हाताने घालते.

सई कमरेत वाकून माफी मागत राहिली. हायाशी-सान "दाइजोबु, दाइजोबु" (असू दे, असू दे) म्हणत होत्या, पण त्यांनी डागाळलेल्या प्रती उचलून टेबलाखाली ठेवल्या आणि टेबल जवळजवळ रिकामं झालं.

"सगळ्या मी विकत घेतो," मी सईच्या कानात म्हणालो.

"बाबा, प्लीज. तसं नसतं. लोकांनी न्याव्यात म्हणून काढतात त्या पुस्तिका."

मी खुर्चीत बसून राहिलो. ही माणसं तिला कशीबशी मिळाली असणार, आणि मी ती पुसून टाकली. आता ती आपणहून म्हणेल, चल बाबा, पुण्याला. ज्यासाठी आलो तेच होणार होतं, आणि मला ते अजिबात नको होतं.

हायाशी-सान उठल्या, सईला काहीतरी करड्या आवाजात म्हणाल्या आणि जिन्याकडे निघाल्या. पलीकडच्या मांजरवाल्या तरुणीने न सांगताच आमची दोन्ही टेबलं सांभाळायला घेतली.

"मूळ चित्र खाली कपाटात आहे," सई म्हणाली. "नवी कव्हरं छापायची. तूही चल. पण आधी हात धू."

मी साबणाने धुतले. हायाशी-सानांनी तळवे उलटेपालटे पाहिले आणि परत पाठवलं. पुन्हा धुतले, तेव्हा पास झालो.

तळघरातली सई मी ओळखली नाही. यंत्रात कागद अडकला, तर तिने झाकण उघडून कोपरापर्यंत हात घातला, कोणावर तरी खेकसली, कोणीतरी उलटून बोललं, आणि सगळे हसले. आमची मुलगी जपानीत मोठ्याने बोलते हे मला कुठे माहीत! मी पिना काढत होतो आणि कव्हरं दुमडत होतो. वाकडी. हायाशी-सान ती मुकाट्याने पुन्हा दुमडत होत्या. मध्येच त्यांनी पिशवीतून ओनिगिरी काढून सईच्या हातात कोंबली आणि बोट नाचवत बोलू लागल्या.

"रागावल्या का गं? माझ्यामुळे?"

"छे. सकाळपासून काही खाल्लं नाही म्हणून. नेहमीच ओरडतात त्या."

नेहमीच. मी तो शब्द ऐकला आणि पुढची दोन कव्हरं चक्क सरळ दुमडली.

परतताना आम्ही चालत निघालो. सई म्हणाली, "आईने घेऊन यायला सांगितलंय ना?"

"तुला कसं कळलं?"

"तू तीनदा घसा खाकरलास आणि तीनदा हवेबद्दल बोललास." मग म्हणाली, "डिसेंबरात आला असतास ना, तर बॅग भरून तयार होते. मग त्या केंद्राची पाटी दिसली. यंत्र शिकवतो, या. म्हटलं, बघू."

"आणि आता?"

"आता पुढचं पुस्तक काढायचंय."

खोलीवर येऊन नीलिमाला फोन लावला.

"विचारलंत का?"

"नाही. अगं, तिला इथे ओरडणारं माणूस आहे."

"कोण?"

"एक बाई. हुबेहूब तू."

पलीकडे भांडं खाली ठेवल्याचा आवाज आला. मग, "खायला घालते का तिला?"

"हातात कोंबते."

"बरं," नीलिमा म्हणाली, आणि तिने नाक ओढल्याचं मला ऐकू आलं.

निघायच्या दिवशी सई स्टेशनपर्यंत आली. विमानतळावर येणार होती, पण यंत्रावर तिची पाळी लागली होती आणि पाळी चुकवलेली हायाशी-सानांना खपत नाही. गाडीला अजून अवकाश होता. "बाबा, जाऊ ना?" तिने विचारलं, आणि मी हो म्हणायच्या आत मला मिठी मारून ती जिन्याकडे पळाली. वळून पाहील म्हणून मी हात वर करून ठेवला होता. तिने पाहिलं नाही. शेजारच्या जपानी गृहस्थाला वाटलं, मी त्यालाच हात करतोय. तो बिचारा वाकला. मीही वाकलो. मुलीला घ्यायला आलेला मी एकटाच परत निघालो होतो, आणि इतकं हलकं मला येताना वाटलं नव्हतं.