हातगाडीला बांधलेला हिरो

दुबई मरीनाला आता लोक कॉफी प्यायला जातात. आम्ही होतो तेव्हा तिथे इमारती कमी आणि क्रेन जास्त होत्या, आणि चहाला खाली उतरायचं तर वरून ऑर्डर यावी लागायची. माझं सगळं लफडं त्या चहावरून झालं.

मी सळ्या बांधणाऱ्या गँगमध्ये हेल्पर. वय बावीस. लांज्याच्या शाळेपासून विद्या एकच येत होती, दुसऱ्याचा आवाज काढणं. हेडमास्तर, एसटीचा कंडक्टर, पिठाची गिरणी पट्टा तुटायच्या आधी आणि पट्टा तुटल्यावर. गॅदरिंगला मला मुद्दाम शेवटी ठेवायचे, म्हणजे लोक उठून जात नाहीत. इथेही शुक्रवारी दुपारी कॅम्पच्या मेसमध्ये जेवणं झाली की पोरं ओरडायची, "चल रे, मॅनेजर काढ!"

मॅनेजर म्हणजे आमच्या साइटचा सगळ्यात मोठा साहेब. हात पाठीमागे, पोट पुढे. चार पावलं चालायचा, थांबायचा, एक बोट आभाळाकडे करायचा आणि अरबीत म्हणायचा, "यल्ला!", म्हणजे चला, आटपा. ते बोट वर गेलं की सिमेंटसुद्धा घाबरून लवकर सुकायचं.

तर एका दुपारी ऊन असं की सळई हाताला चिकटत होती. फोरमन बाजूला गेला होता आणि त्याचा वॉकीटॉकी खिळ्याला लटकत होता. मी उचलला, बटण दाबलं आणि मॅनेजरच्या आवाजात बोललो, "यल्ला! एव्हरीबडी डाऊन! टी!"

मला वाटलं आमची आठ माणसं उतरतील. चौदा मजल्यांवरून तीनशे उतरली. क्रेनवाला उतरला. काँक्रीटच्या पंपवाल्याने पंप बंद केला आणि तोही उतरला. खुद्द मॅनेजर केबिनबाहेर आला, आणि त्याला तरी काय दोष द्यायचा, क्षणभर तोही घड्याळाकडे बघत राहिला, की आपण खरंच बोललो की काय!

मग चौकशी. तीनशे माणसांनी इमानदारीने एकही नाव सांगितलं नाही. फक्त सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं.

"खलास. टिकीट," मॅनेजर म्हणाला.

टिकीट म्हणजे परतीचं. नोकरीचं सोडा हो. चारच महिन्यांपूर्वी आळीने मला शाल-नारळ देऊन पाठवलं होतं. नाक्यावर माझ्या फोटोचा फलक लागला होता, मामाचा कोट घातलेला मी आणि खाली लिहिलेलं, 'दुबईस प्रयाण'. तो फलक अजून उतरवला नाही, असं आईने पत्रात कौतुकाने कळवलं होतं. स्वतःच्याच फलकाखालून बॅग घेऊन घरी कसा जाणार?

वाचवलं सेफ्टी ऑफिसरने. पुण्याचा माणूस, अल नहदाला फ्लॅट, बायको, एक मुलगी. त्यांचं दुःख निराळंच होतं. नव्या माणसांना ते इंग्लिशमध्ये सेफ्टीचं लेक्चर द्यायचे. मग त्याचं हिंदी, मग मल्याळम, मग बंगाली, मग पश्तो. पाचव्या भाषेपर्यंत पहिल्या चार भाषा घोरत असायच्या. त्यांना असा पिक्चर काढायचा होता ज्यात कोणी बोलणारच नाही.

ते म्हणाले, "सर, हा मला द्या. याचा पिक्चर बघून लोक टेस्ट पास झाले तर ठेवा. नाहीतर टिकीट आहेच."

मॅनेजरने बोट माझ्या नाकासमोर आणलं. "नो टॉकिंग. नो मॅनेजर. अंडरस्टँड?"

आवाजावर जगणाऱ्या माणसाला मूकपटाची सजा!

रूमवर दादासमोर प्रॅक्टिस केली. दादा म्हणजे माझ्या खालच्या बेडवरचा गुहागरचा सुतार. मी पडलो आणि सवयीने तोंडाने 'धप्प' केलं.

"मेल्या, आवाज नको सांगितलाय ना?"

"दादा, आवाजाशिवाय पडल्यासारखं वाटतच नाही."

"मग नीट पड. ढोपर फुटलं की आपोआप गप्प बसशील."

पुढच्या वेळी खरंच ढोपर बेडच्या लोखंडावर बसलं. आवाज बाहेर येईना, डोळे मात्र आले. दादा हसून हसून आडवा. "हां! हेच कर! तू गप्प असलास की बरा दिसतोस. पहिल्यांदाच बघतोय म्हणा."

शूटिंग सेफ्टीवाल्या साहेबांच्या घरच्या कॅमेऱ्यावर. टेपच्या सुरुवातीला त्यांच्या मुलीचा बर्थडे होता आणि तिने दम भरला होता, "पप्पा, डोन्ट इरेझ माय केक!" त्यामुळे आमचा पिक्चर मेणबत्त्या फुंकण्यापासून सुरू व्हायचा. पुढे मी, पिवळं हेल्मेट उलटं घालून. सेफ्टी बेल्ट बांधतो, त्याचा हुक कशाला अडकवू म्हणून डोकं खाजवतो आणि शेवटी वाळूच्या एकचाकी हातगाडीला अडकवतो. खूश होऊन उतारावरच्या फळीवर डुलकी काढतो. गाडी सुटते. गाडीमागे मी. मग लाल फुली. मग साहेब स्वतः येतात, पांढऱ्या हेल्मेटमध्ये, आणि हुक डोक्याच्या वर पाइपाला लावून व्यवस्थित उभे राहतात. हिरवी खूण. समाप्त.

मेसमध्ये लावला तेव्हा केकला टाळ्या पडल्या आणि माझ्या गाडीला टेबलं बडवली. एक पठाण गवंडी हसता हसता रडला आणि त्याने मला उचलून घेतलं. गाडीचा सीन पाच वेळा मागे घेऊन बघितला. मी मनात म्हटलं, फलक वाचला!

दुसऱ्या दिवशी टेस्ट. पाचव्या मजल्यावरच्या स्लॅबवर एकेकाला बेल्ट द्यायचा आणि सांगायचं, लावून दाखव. पहिला आला. बेल्ट झकास बांधला. डोकं खाजवलं. इकडे तिकडे बघितलं आणि हुक हातगाडीला लावला. दुसरा, हातगाडी. तिसऱ्याने तर हातगाडी उरली नव्हती म्हणून लांबून मागवली.

साहेब घामाघूम. "अरे, मी शेवटी बरोबर दाखवलं ना? हिरवी खूण?"

पठाण गवंडी समजुतीने म्हणाला, "साब, वो तो सफेद हेल्मेट का तरीका है. आप लोगों का. हमारा पीला है. हमने पीलेवाले को देखा."

आता यात चूक काय काढणार? साइटवर पांढऱ्या हेल्मेटचा संडाससुद्धा वेगळा होता!

मॅनेजर सगळं बघत होता. "वन वीक," तो म्हणाला. "देन टिकीट."

साहेब जिना उतरताना म्हणाले, "राजा, बरोबरची पद्धत पण तूच कर. पिवळ्या हेल्मेटमध्ये. फक्त ती बोअर नको."

बरोबर वागणारा माणूस बोअर नको, म्हणजे करायचं काय? चार दिवस डोकं खाजवलं. साइटवर भीतीने का होईना, ज्याच्याकडे सगळे बघतात असा माणूस एकच होता. त्याचीच मला बंदी होती.

"साहेब, आवाज काढणार नाही," मी म्हटलं. "चालण्याबद्दल ते काही बोलले नव्हते."

साहेबांनी कॅमेरा सुरू केला.

तर दुसऱ्या पिक्चरमध्ये मी गाडीमागे फरफटत जातो, उठतो, धूळ झटकतो, हात पाठीमागे घेतो, पोट पुढे काढतो. चार पावलं. हुक डोक्यावरच्या पाइपाला. दोनदा ओढून बघतो. मग थांबतो आणि एक बोट आभाळाकडे.

टेस्टच्या दिवशी मॅनेजर पुन्हा हजर. पहिला माणूस आला. हात पाठीमागे, पोट पुढे, चार पावलं, हुक वर, दोन झटके, बोट आभाळाकडे. दुसरा तसाच. पठाणाचं पोट नव्हतं, त्याने श्वास भरून काढलं. ओळीने चाळीस मॅनेजर! एकही हुक चुकला नाही.

मॅनेजरने भुवया वर केल्या. "व्हाय दिस फिंगर?"

साहेब म्हणाले, "सेफ्टी सिग्नल, सर. हुक ओके."

मॅनेजर हात पाठीमागे घेऊन चार पावलं चालला. थांबला. विचार केला. "गुड सिग्नल," तो म्हणाला. "सीरियस. आय लाइक." मग माझ्याकडे वळून, "यू स्टे."

मी थँक यू म्हणायला तोंड उघडलं आणि घाबरून मिटलं.

तो एवढा खूश होता की त्याने वॉकीटॉकी काढला आणि सगळ्या मजल्यांना आवाज दिला, "यल्ला! एव्हरीबडी डाऊन! टी!"

कोणी हललं नाही. स्लॅबवरच्या चाळीस जणांनी माझ्याकडे बघितलं. मी दोन्ही हात तोंडावर ठेवले होते. तरी त्यांचा विश्वास बसेना. वरच्या मजल्यावरून दादाची हाक आली, "मेल्या, परत सुरू झालास?"

मॅनेजर पुन्हा बोलला. मग ओरडला. सळ्या बांधायचा आवाज तसाच चालू. शेवटी तो स्लॅबच्या मधोमध गेला, पोट पुढे काढलं आणि एक बोट आभाळाकडे केलं.

पठाण आपला हुक बघून म्हणाला, "ओके, साब."