शाल, नारळ आणि तिची पाच मिनिटं

मंडळाच्या सत्काराची मला आजही शिसारी येते. शालीचा तो गोडाउनचा वास, नारळाला फासलेलं हळदकुंकू आणि फोटोसाठी दात काढून उभे राहिलेले अध्यक्ष.

दोन हजार साल नुकतंच उलटलं होतं. कतारमध्ये, दोहात आमच्या वरच्या मजल्यावर एक जर्मन म्हातारी मुलाकडे राहायला आली. मुलगा वेस्ट बे भागात इंजिनिअर, माझ्या नवऱ्याच्याच ऑफिसात. म्हातारी चाळीस वर्षं रंगभूमीवर होती. युद्ध संपलं त्या हिवाळ्यात, छप्पर उडालेल्या नाट्यगृहात तिने पहिली भूमिका केली. लोक तिकिटाऐवजी कोळसा आणत, तोच शेगडीत घालून प्रयोग चाले. पुढे नायिकेची आई झाली, आईची मोलकरीण झाली, आणि एक दिवस नाट्यगृहाने दोन ओळींचं पत्र देऊन तिला घरी बसवलं. ते पत्र सांगताना ती थुंकल्यासारखं तोंड करी. लग्नाआधी सांगलीत मीही नाटकं केलेली, त्यामुळे आमचं लगेच जमलं.

"मरायच्या आधी एकदा स्टेजवर उभं राहायचंय. पाच मिनिटं पुरेत," ती इंग्रजीत म्हणाली. आमच्या मराठी मंडळाच्या कार्यक्रमात माझा एक प्रवेश आहेच, तुझंही स्वगत ठेवू, असा मी ऐटीत शब्द दिला. महिनाभर तिने ते माझ्या स्वयंपाकघरात घोटलं. मला जर्मन ओ की ठो कळत नव्हतं, तरी ऐकता ऐकता माझ्या पोळ्या करपायच्या.

शाळेचा हॉल शुक्रवारी संध्याकाळी सहापर्यंतच मिळाला होता. त्यात अध्यक्षांचं भाषण, प्रायोजकांचं भाषण, प्रायोजकांच्या मेव्हण्याचं भाषण. मग म्हातारीला वर बोलावून शाल-नारळ दिला आणि खाली उतरवलं. तिला वाटलं, ही तिच्या प्रयोगाची सुरुवात. विंगेत येऊन तिने मला विचारलं, "हे फळ हातात घेऊनच करायचं का?"

सहाला दहा कमी असताना सेक्रेटरी घाम पुसत आले. "वहिनी, एकच आयटम बसतोय. तुमचा प्रवेश, नाहीतर म्हातारीचं."

"अहो, मी कबूल केलंय तिला."

"सत्कार केला ना त्यांचा? अजून काय पाहिजे? जर्मन कळतंय कुणाला इथे!"

मी नऊवारी नेसून, तोंडाला रंग लावून उभी होते.

"माझा घ्या," मी म्हणाले.

तिला मराठी कुठे कळत होतं! माझा पदर सुटलेला दिसला तेवढा. नारळ काखोटीला मारून तिने पिन काढली, पुन्हा नीट लावली, आणि पाठीवर हात ठेवून मला पुढे ढकललं.

टाळ्या पडल्या. मी दोनदा वाकून घेतल्या.

परत आले तर शालीची घडी खुर्चीवर होती, तिच्यावर नारळ. म्हातारी केस सारखे करून, ताठ उभी.

"आता मी?"

समोर वॉचमन एकेक दिवा मालवत होता.

"खलास," मी म्हणाले. हा अरबी शब्द तिला मीच शिकवला होता, इथे आली त्या पहिल्या आठवड्यात.